गायिकेचं नाव

इथे अमेरिकेत, पार्सिपनीत आमच्या शेजारी एक पोलिश गृहस्थ राहतात. अंगणातली पानं गोळा करणारा, कमी बोलणारा माणूस, एवढंच मला बरीच वर्षं माहीत होतं. मग मुलीने त्यांच्या तरुणपणाचा एक व्हिडिओ दाखवला आणि मी तो पुन्हा लावायला सांगितला. खांद्यापर्यंत केस, गळ्यात गिटार आणि समोर अख्खं मैदान त्यांच्याबरोबर गात होतं. पुढे ते इकडे आले आणि सिनेमांना संगीत देऊ लागले. एवढा मोठा माणूस आमच्याकडून लिंबाचं लोणचं मागून नेतो, हे मला अजून खरं वाटत नाही.

मुलीने तिच्या आईवर छोटी फिल्म केली. माझी बायको गेल्या वर्षी गेली. फिल्ममध्ये ती पोळ्या लाटता लाटता गुणगुणते. तिचा तेवढाच आवाज आमच्याकडे उरलाय. फिल्मला संगीत द्यायचं शेजाऱ्यांनी कबूल केलं होतं.

"बाबा, आईचा पिच थोडा करेक्ट करावा लागेल," मुलगी म्हणाली. "गिटारशी मॅच होणार नाही. इट्स जस्ट सॉफ्टवेअर."

माझं डोकंच फिरलं. "गेलेल्या बाईला आता सुरात आणतेस?" मी म्हणालो. ती रडायला लागली.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं शेजाऱ्यांच्या गॅरेजमधल्या स्टुडिओत गेलो. मुलीने पिचचं विचारलं. ते हेडफोन लावून डोळे मिटून गुणगुणणं पुन्हा पुन्हा ऐकत राहिले. मग गिटारच्या खुंट्या पिळून एकेक तार उतरवू लागले. गाणाऱ्याच्या पट्टीला तंबोरा लावतात, हे आपल्याकडे सगळ्यांना ठाऊक असतं. पण मैदानं गाजवलेला हा माणूस माझ्या बायकोच्या पोळपाटावरच्या आवाजाला गिटार लावत होता.

"ती पोळी उलटताना थांबते," ते म्हणाले. "तिथे मीही थांबेन."

आणि थांबले. तिने सूर उचलल्यावरच त्यांचं बोट पुन्हा तारेवर आलं. मुलगी माझ्या खांद्याला टेकून ऐकत होती.

वाजवून झाल्यावर त्यांनी पेन्सिल उचलली. "गायिकेचं नाव काय लिहू?"

मुलगी माझ्याकडे बघत राहिली. उभ्या संसारात मी बायकोला 'अगं' म्हणूनच हाक मारली होती. त्या गॅरेजमध्ये मी तिचं नाव मोठ्याने घेतलं.