पृथ्वी शिंप्याच्या भिंतीवर

पाटी कुणाचीही असो, पेंटरकाकांची सही ठसठशीत असायची. कोपऱ्यात ‘पेंटर’ हा शब्द, आणि त्यातल्या ‘र’ची शेपटी अशी लांबवलेली की अर्धी पाटी अधोरेखित व्हावी. दवाखान्याच्या पाटीवर तर डॉक्टरांच्या आधी पेंटरच नजरेत भरायचे. एकदा एक पेशंट पोट धरून, ‘पेंटरसाहेब आहेत का आत?’ असं विचारत शिरला होता.

अकरा वर्षांपूर्वी त्यांच्या बालमित्राने, म्हणजे शिंप्याने, दुकानाची पाटी त्यांच्याकडून रंगवून घेतली. लिहायचं होतं, ‘फिटिंगची खात्री’. पेंटरकाकांनी झोकात लिहिलं, ‘फिटिंगची कात्री’.

“अरे, हे काय लिहिलंस?” शिंपी म्हणाला.

चूक झाली एवढं म्हणायला दोन शब्द लागतात. पेंटरकाका म्हणाले, “मग तू काय कुऱ्हाडीने कापतोस?”

बोलणं तिथेच संपलं. शिंप्याने पाटी मात्र काढली नाही. “राहू दे. खाली सही कोणाची आहे, ते बघू दे लोकांना,” असं तो येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगू लागला. तेव्हापासून पेंटरकाका तयार शर्ट घालत. खांदे कोपराकडे निघालेले, बाह्या बोटांपर्यंत. त्यांची बायको म्हणायची, “अहो, भांडण तुमचं आणि शिक्षा माझ्या डोळ्यांना!”

तर एका सकाळी शाळेतल्या विज्ञानाच्या बाईंनी पेंटरकाकांना बोलावलं. सूर्यमाला रंगवायची होती. पेंटरकाका खूश. एक भिंत, नऊ ग्रह, चार दिवसांचं काम.

“नऊ नाही, आठ ग्रह,” बाई म्हणाल्या. “आणि एका भिंतीवर मावणार नाहीत. सगळं खऱ्या प्रमाणात हवं. सूर्य इथे फाटकाशी, एक मीटर चाळीस सेंटिमीटरचा. पृथ्वी तेरा मिलिमीटरची, दीडशे मीटरवर.”

पेंटरकाकांनी सूर्य असा रंगवला की पोरं सावलीत उभी राहून डोळे चोळायची. मग बाईंनी मैदानावरची लांब टेप आणली आणि दोघं सरळ रस्त्याने मोजत निघाली. बुध विजेच्या खांबावर आला, शुक्र वह्यांच्या दुकानावर. दीडशे मीटरला बाई थांबल्या. पेंटरकाकांनी मान वर केली. समोर ‘फिटिंगची कात्री’.

“बाई, सूर्य जरा मागे घेता येईल का?”

“का?”

“इथे पृथ्वीला हवा मानवणार नाही.”

“पेंटरकाका, सूर्य कुणासाठी मागेपुढे होत नाही.”

“मग टेप चुकीची असेल,” पेंटरकाका जरा मोठ्यानेच म्हणाले.

हे शिंप्याने ऐकलं. मापावरून वाद चाललाय आणि आपण आत बसलोय, हे त्याला सहन होईना. गळ्यातली टेप काढून तो बाहेर आला. पेंटरकाकांकडे न बघता त्याने बाईंना विचारलं, “किती यायला पाहिजे?” आणि आपल्या दीड मीटरच्या टेपने थेट सूर्यापासून मोजायला लागला. वाकून, सरकून, पुन्हा वाकून. टेपचं दुसरं टोक धरायला कुणीतरी हवं होतं. पेंटरकाकांनी ते मुकाट्याने धरलं. बरोबर शंभराव्या टेपला शिंप्याचंच दुकान आलं.

“माप बरोबर आहे,” शिंपी कंबर धरून बाईंना म्हणाला. “पृथ्वी केवढी म्हणालात?”

“तेरा मिलिमीटर.”

शिंपी आत गेला आणि डबा घेऊन आला. चार बटणं टेपने मापून त्याने एक निवडलं. “ही घ्या.”

बटण भिंतीला लावून पेंटरकाकांनी पेन्सिलने गोल काढला आणि सर्वांत बारीक ब्रशने निळा भरला. बाई म्हणाल्या, सूर्यावरून निघालेला उजेड इथे पोचायला आठ मिनिटं वीस सेकंद लागतात.

“शाळेपासून माझ्या दुकानापर्यंत आठ मिनिटं?” शिंपी म्हणाला. “सरकारी खात्यातला दिसतोय उजेड.”

पेंटरकाका खुदकन हसले आणि लगेच त्यांनी तोंड आवळलं. सवयीने ब्रश सहीकडे वळला. ‘पें’ लिहिला असता तरी पृथ्वी झाकली गेली असती. ते तसेच ब्रश उचलून बघत राहिले.

“यात आपण सगळे आलो म्हणायचं,” ते भिंतीला म्हणाले.

“ती कात्रीपण आली का?” शिंप्यानेही भिंतीलाच विचारलं.

“आली. पण दिसत नाही.”

“माझ्या दुकानावर चांगली दिसते!”

आधी बाईंना हसू फुटलं. मग शिंप्याला, मग पेंटरकाकांना. पेंटरकाका इतके हसले की तयार शर्टाचं वरचं बटण तुटून रस्त्यावर घरंगळलं. डोळे पुसत ते म्हणाले, “चुकली होती रे माझी.”

“काय?”

“खात्री.”

“अकरा वर्षं लावलीस,” शिंपी म्हणाला. “उजेड बरा मग.”

पाटी दुरुस्त करून देतो म्हटलं, तर शिंपी ऐकेना. लोक आता त्याला कात्रीवाले म्हणूनच ओळखत होते. पुढचे ग्रह मात्र दोघांनी मिळून मोजले. लांबचं अंतर टेपने कसं मोजणार, म्हणून सायकलच्या चाकाला चिंधी बांधून फेरे मोजले. गुरू पिठाच्या गिरणीवर, शनी दवाखान्यावर. नेपच्यून साडेचार किलोमीटरवर, गावाबाहेरच्या पंपघरावर. वाटेत दोनदा गप्पांच्या नादात फेऱ्यांचा हिशेब चुकला आणि दोनदा मागे यावं लागलं.

शेवटी शाळेच्या फाटकाशी, सूर्यापाशी परतल्यावर पेंटरकाकांनी बाईंना विचारलं, “यानंतरचा, जवळातला जवळचा तारा कुठे काढू?”

बाईंनी कागदावर गणित केलं. “सुमारे चाळीस हजार किलोमीटरवर.”

“म्हणजे कुठे?”

“अख्ख्या पृथ्वीला फेरी मारून पुन्हा इथेच.”

पेंटरकाकांनी क्षणभर विचार केला, पाठीमागून वळसा घातला आणि शाळेच्या मागच्या भिंतीवर एक लाल तारा काढला. खाली सुबक अक्षरात लिहिलं: ‘सूर्याच्या शेजाऱ्याचं घर. येण्याचा मार्ग: पुढच्या फाटकातून बाहेर पडून नाकासमोर चालत राहावे. मागून येऊ नये, ती लबाडी होईल.’

मधल्या सुट्टीत पोरं अजूनही मागूनच येतात.