भिंतीवरचा तळहात

वायरमनकाकांचं कौतुक त्या शिवणकामाच्या कारखान्यात सगळेच करायचे, आणि ते ऐकलं की काका मान खाली घालून तिथून सटकायचे.

सहा वर्षांपूर्वी हॉलमधल्या चाळीस मशिनींच्या जोडीला आठ इस्त्र्या आल्या आणि रोज दुपारी तीनच्या सुमाराला ब्रेकर पडायला लागला. काकांनी मालकांना समजावलं, "साहेब, त्याला शिव्या देऊ नका. वायर तापून जळायच्या आत तो लाइन तोडतो. इस्त्र्यांना जाड केबलची वेगळी लाइन टाकू. दोन दिवस हॉल बंद ठेवा." बंद म्हटल्यावर मालकांचं तोंड कडू झालं. काकांची बायको तिथेच काज-बटणाच्या मशिनीवर. तीही घरी येऊन करवादली, "तुमच्या त्या खटक्यापायी रोजचा खोळंबा. बायका मला बोलतात!"

दोन्हीकडून ऐकून काकांनी अक्कल गहाण ठेवली. बत्तीस अँपिअरचा ब्रेकर काढून त्रेसष्टचा बसवला. वायर तीच! खटका पडायचा थांबला. बायकांनी टाळ्या वाजवल्या.

तेव्हापासून डबा द्यायच्या निमित्ताने काका दुपारी हॉलमध्ये जात आणि वायर जिथून गेली होती त्या भिंतीवर तळहात ठेवत. पहिल्या वर्षी भिंत कोमट लागायची. यंदा हात टेकवेना.

मालकांना सांगितलं तर ते हसले. "सहा वर्षांत एकदा तरी पडला का? तुमचंच काम आहे, काका!"

बायकोला म्हणाले, "उद्यापासून जाऊ नकोस गं."

"तुम्ही बसवलाय ना? मग मला कसली भीती?"

शेवटी त्यांनी गुपचूप बत्तीसचा ब्रेकर परत लावला. दहा मिनिटांत हॉल बंद पडला, एकच ओरडा झाला. मालकांनी दुसऱ्या वायरमनकडून पुन्हा त्रेसष्टचा बसवून घेतला आणि काकांना फाटकाच्या आत यायला मनाई केली.

आता रोज तीन वाजता काका समोरच्या फुटपाथवर उभे असतात. लोकांचे गेलेले दिवे परत आणण्यात या माणसाचा जन्म गेला, आणि आता तो ते जावेत म्हणून डोळे लावून बसतो. दिवे काही जात नाहीत. बायकोला वाटतं, नवरा आपल्याला बघायला येतो. ती खिडकीतून हात हलवते, मैत्रिणी तिला चिडवतात, आणि लाजून ती पुन्हा मशिनीवर जाऊन बसते.