दाराकडे तोंड केलेले बूट

मिचिको गेल्याचा फोन आला तेव्हा मी इस्त्री करत होते. "वहिनी, मिचिको गेली..." एवढंच अरविंद म्हणाला. त्याला आता दीड महिना होईल.

आमची ओळख भांडणानंच झाली. पंच्याऐंशी साल असावं. इथे इंग्लंडमध्ये ब्रॅकनेलच्या एका कंप्युटर कंपनीत असलेला अरविंद ट्रेनिंगसाठी जपानला गेला आणि मिचिकोशी लग्न करूनच परतला. दोघं पिनरला, आमच्या शेजारीच राहायला आली. तिनं आम्हा चार मराठी बायकांना चहाला बोलावलं. मध्येच मी बाहेरच्या दारालगतच्या हॉलमध्ये डोकावले, तर आम्ही कसेही काढलेले बूट दाराकडे तोंड करून ओळीनं मांडलेले! बाई निघा म्हणतेय, अशी माझी खात्रीच झाली. राग माझ्या नाकाच्या शेंड्यावर. चहा अर्धा टाकून सगळ्यांना घेऊन निघाले. ती केकची सुरी हातात धरून बघतच राहिली. संध्याकाळी अरविंद समजूत घालायला आला. पाहुण्याला निघताना सोपं जावं म्हणून त्यांच्याकडे बूट असे वळवून ठेवतात म्हणे. दुसऱ्या दिवशी मी निमूट जाऊन उरलेला केक खाल्ला.

मग आमचं चांगलंच मेतकूट जमलं. माझ्याकडून ती वरणफळं शिकली, मोडकंतोडकं मराठीही. अरविंद घरी यायला आठ वाजायचे. तिची भाषा बोलणारं आसपास कुणी नव्हतं. आई लहानपणीच गेलेली, आणि परदेशी माणसाशी लग्न केलं म्हणून वडिलांनी बोलणं टाकलेलं. नव्वदच्या सुमारास दोघं त्यांना भेटायला गेली. वडील तासभर टीव्हीकडे बघत बसले, एक शब्द नाही. पण निघताना पाहिलं, तर दोघांचे बूट दाराकडे वळवलेले होते.

"बाबा सॉरी नाही म्हणत, ताई," ती मला म्हणाली होती. "शूज वळवतात."

त्यानंतर दर उन्हाळ्यात बाबा येतील म्हणून ती वरची खोली आवरून ठेवायची. ते कधीच आले नाहीत, ती गेल्यावरही नाहीत. 

परवा अरविंदकडे डबा घेऊन गेले. तो आत डबा रिकामा करून आला, मग आम्ही चहा प्यायलो. कप खाली ठेवून तो बोलला.

"ते बूट मी वळवले होते, वहिनी. बाथरूमला जाता जाता. रोज ती माझे वळवायची ना, म्हणून सहज... तिला वाटलं, बाबांनी. इतकी खूश होती, मग सांगवेना."

 मी उठले. हॉलमध्ये त्याचे ऑफिसचे बूट पडले होते, आदल्या संध्याकाळी काढले तसे, आत तोंड करून. मी वळवायला वाकले.

"राहू दे," तो म्हणाला.

माझे मात्र त्यानं कधीच दाराकडे वळवून ठेवले होते.