तीन जणांनी वाचलेला कागद

माझ्या दुकानावर तेव्हा पाटी होती : ‘उर्दू-मराठी सर्व प्रकारचे भाषांतर करून मिळेल.’ मॅडम पहिल्यांदा आल्या तेव्हा आत यायच्या आधी त्यांनी रस्त्यावर उभं राहून ती पाटी दोनदा वाचली. मग चष्म्यावरून माझ्याकडे बघत विचारलं, “सर्व प्रकारचे म्हणजे खोटंसुद्धा?”

मी म्हणालो, “न्हाई मॅडम, एकदम बराबर करून देतो.”

“प्रत्येक जण तेच म्हणतो,” असं म्हणून त्या आत येऊन बसल्या. पुढे तीन वर्षं येत राहिल्या.

कळमनुरीत तहसीलसमोर माझं टायपिंग आणि झेरॉक्सचं दुकान होतं. आजोबा निजामाच्या काळात लोकांचे अर्ज लिहून द्यायचे, त्यामुळे आमच्या घरात उर्दू टिकून राहिली. मॅडम कॉलेजात इतिहास शिकवून निवृत्त झालेल्या. मूळच्या इकडच्या नव्हेत. लग्न केलेलं नव्हतं. गावात दोन खोल्या घेऊन एकट्या राहायच्या आणि पुस्तक लिहायच्या. पुस्तक न्यूझीलंडमधल्या माओरी लोकांबद्दल, आणि त्यांच्या मुलखात येऊन जमिनी घेणाऱ्या गोऱ्यांबद्दल. आता कळमनुरीत बसून कुणी असलं पुस्तक का लिहावं, हा प्रश्न तुम्हाला पडला असेल तर गावालाही तोच पडला होता.

पहिल्याच दिवशी मी ‘माओरी’च्या जागी सगळीकडे ‘मोरी’ टाइप केलं. मॅडमनी मोठ्यानं वाचलं, “मोरी लोकांची जमीन गोऱ्यांनी बळकावली,” आणि तोंडावर पदर धरून हसल्या. त्यांना इतकं हसताना मी एकदाच पाहिलं.

एरवी त्यांचा कशावरच विश्वास नव्हता. लग्नपत्रिका हातात दिली तरी विचारायच्या, “हे कुणी लिहिलं? आणि कुणासाठी?” माझ्याकडे टायपिंग झालं की मजकूर पेनड्राइव्हवर घ्यायच्या आणि कॉम्प्युटरवरून काढून टाकायला लावायच्या. मग म्हणायच्या, “आता कचऱ्याच्या डब्यातूनही काढा.” चुकून जास्त निघालेलं पान स्वतः फाडून पिशवीत घालायच्या. मला राग यायचा. मी काय त्यांचं पुस्तक चोरून मोरी लोकांना विकणार होतो?

गावात बोलणं सुरू झालंच. त्यांना बाहेरदेशातून पाकिटं येतात, हे पोस्टातून हॉटेलात आलं आणि हॉटेलातून माझ्या दुकानात. कुणी म्हणे धर्म बदलायला लावणारी बाई आहे. कुणी म्हणे कंपनीसाठी जमिनी हेरून राहिली. त्यातून त्या माळावर जाऊन मेंढरंवाल्यांशी तासन्‌तास बोलायच्या. मीही मनातून त्यांच्यावर नजर ठेवून होतो. टाइप करता करता वाचायचो, की यात आपल्या गावाबद्दल काही आहे का.

एकदा मी सरळ विचारलं, “मॅडम, लोक तुमच्यावर शक घेऊन राहिले. तुम्हाला तकलीफ होत न्हाई?”

त्या म्हणाल्या, “मी न्यूझीलंडला सहा महिने राहिले, तेव्हा एका माओरी म्हाताऱ्याकडे गेले होते. तीन दिवस त्यानं मला काही सांगितलं नाही. म्हणाला, आमच्याबद्दल लिहिणारे पुष्कळ आले, लिहून काय केलंत ते सांगायला परत कुणी आलं नाही. त्यानं बरोबर केलं. माझ्यावर लगेच विश्वास ठेवला असता तर मलाच त्याची काळजी वाटली असती.”

मग एका बाजाराच्या दिवशी त्या खंडूबाला घेऊन आल्या. खंडूबा म्हणजे गावाबाहेरच्या माळावर मेंढरं राखणारा म्हातारा. त्याच्या आजाच्या वेळचा एक उर्दू कागद त्याच्याकडे होता, आणि त्याचंच कुण्या काळी कुणीतरी केलेलं मराठी भाषांतर. मराठीत लिहिलं होतं, ‘माळावर मेंढरे चारण्यास परवानगी देण्यात येत आहे.’ खाली सही होती, पण नाव लागत नव्हतं.

मी उर्दू कागद बघायला हात पुढे केला. खंडूबानं तो छातीशी धरला.

“देऊ नका,” मॅडमच म्हणाल्या. “आबा, कागद तुमच्याच हातात राहू द्या. ते वाकून वाचतील.”

“बाई, तुला बी देनार न्हाई,” खंडूबा म्हणाला.

“मलाही देऊ नका.”

म्हाताऱ्यानं दोन्ही हातांनी कागद ताणून धरला आणि मी मान वाकडी करून वाचलं. परवानगी हा शब्दच त्यात कुठे नव्हता. ‘हक्के चराई’ असं होतं, म्हणजे चराईचा हक. आणि पुढे ‘नसलन बाद नसलन’, म्हणजे पिढ्यान्‌पिढ्या. मी दोनदा वाचून दाखवलं. खंडूबा तिसऱ्यांदा वाच म्हणाला.

मॅडम खंडूबाला म्हणाल्या, “आबा, त्या माओरींचंही असंच झालं. गोऱ्यांनी एकच करार दोन भाषांत लिहिला. माओरींच्या भाषेत होतं, आमचा कारभार बघा. इंग्रजीत होतं, आमच्यावरची सगळी सत्ता घ्या. बहुतेक सरदारांनी सह्या आपल्या भाषेतल्या कागदावर केल्या, आणि चालवला गेला इंग्रजी कागद.”

खंडूबानं विचारलं, “मंग त्याईनं काय केलं?”

“भांडले. अजून भांडतायत.”

“मेंढरं हाईत का त्याईच्याकडं?”

“मेंढरं गोऱ्यांनी आणली. मेंढरं चारायलाच तर जमीन पाहिजे होती.”

हे काही खंडूबाला पटलं नाही. मेंढरंवाले लोक दुसऱ्याची जमीन घेतील, यावर त्याचा विश्वास बसेना. त्यानं कागद घडी करून बंडीच्या आतल्या खिशात घातला. मॅडमनी झेरॉक्स मागितली तेव्हा मशीनवर स्वतःच्या हातानं ठेवला आणि झाकण उघडेपर्यंत हलला नाही.

इथवर मला बरं वाटत होतं. आपल्या आजोबांची उर्दू कुणाच्या तरी कामाला आली. पण दुसऱ्या दिवशी कळलं की मॅडम ती झेरॉक्स घेऊन हट्टा गावी एका म्हाताऱ्या उर्दू मास्तरांकडे गेल्या, आणि तिथून कनेरगाव नाक्याला आणखी एका जाणकाराकडे. दोन एसट्या बदलून. मी वाचलेलं बरोबर आहे का, हे बघायला.

मी तोंडावर बोललो, “मॅडम, माझ्यावर भरवसा न्हाई तर मला वाचायला कशाला लावलं?”

“तुमच्यावर अविश्वास नाही, भाई,” त्या म्हणाल्या. “एकट्या माणसावर विश्वास ठेवायची मला सवय नाही. तुम्हा तिघांनी एकच वाचलंय. आता हा कागद कुणाला खोटा म्हणता येणार नाही.”

मला ते तेव्हा समजलं नाही. समजायची इच्छाही नव्हती. अपमान झाला एवढंच डोक्यात होतं.

त्याच आठवड्यात माझ्या गाळ्याचे मालक दुकानात येऊन बसले. आम्ही त्यांना भाऊ म्हणायचो. त्यांचा प्लॉटिंगचा धंदा होता आणि माळाच्या कडेनं त्यांनी दगड रोवायला सुरुवात केली होती. चहा झाल्यावर सहज विचारल्यासारखं करून म्हणाले, “ती बाई काय लिहून राहिली रे? आपला माणूस म्हणून विचारतो.”

त्या ‘आपला माणूस’नं मी घसरलो. मॅडमनी मला कधी असं म्हटलं नव्हतं. मी सगळं सांगून टाकलं. कागद कुणाकडे आहे, त्यात काय आहे, कुठल्या खिशात असतो तेसुद्धा.

चार दिवसांनी दोन माणसं मोटरसायकलवर खंडूबाकडे गेली. गोड बोलली. कागद जुना झालाय, आणा, प्लास्टिकमध्ये घालून देतो म्हणाली. खंडूबा म्हणाला, “बाईनं सांगितलंय, तिच्या हातात बी द्यायचा न्हाई. तुमी कोन?” त्यांनी हात धरायला बघितलं तसा तो बसला मेंढरांच्या घोळक्यात, आणि कुत्री धावली. माणसं परत गेली.

मॅडम दुकानात आल्या. उभ्याउभ्याच विचारलं, “कुणाला बोललात?”

“न्हाई मॅडम, कुणालाच न्हाई.”

त्या माझ्याकडे बघत राहिल्या. मग पिशवीतून पानं काढून समोर ठेवली. “सत्याहत्तर पानावर ‘वसाहत’ चुकलंय,” म्हणाल्या, आणि नेहमीच्या खुर्चीवर बसल्या.

मला वाटलं, त्या काम दुसरीकडे नेतील. नेलं नाही. येतच राहिल्या. आठ दिवसांत माझी झोप गेली. शेवटी टाइप करता करता, त्यांच्याकडे न बघता मी म्हणालो, “मॅडम, मी भाऊंना बोललो.”

“माहीत आहे. कागद तुम्ही तिघांनी वाचला. कनेरगावच्यांना खंडूबा कोण ते ठाऊक नाही, आणि हट्ट्याचे मास्तर कानांनी बहिरे आहेत.”

“मंग माझ्याकडे काम कशाला आणता?”

“दुसऱ्याकडे गेले तर त्याच्यावर नव्यानं संशय घ्यावा लागेल. तुमच्याबद्दलचा तरी आता फिटला.”

मी मान खाली घालून टाइप करत राहिलो. माळावरच्या चराईच्या हकासाठी तहसीलात द्यायचा खंडूबाचा अर्ज त्यांनी स्वतः लिहिला होता, तो मला दिला. अर्जाला तिघांची वाचनं जोडलेली होती. पहिलं माझ्या नावावर. “सुनावणीला कागद मोठ्यानं वाचावा लागेल,” त्या म्हणाल्या. “याल का, ते आत्ता सांगू नका. आत्ता सांगितलेलं मला खरं वाटणार नाही.”

सुनावणीला मॅडम नव्हत्या. तापाचं निमित्त झालं, नांदेडला हलवलं, आणि तिसऱ्या दिवशी सगळं संपलं. पुण्याहून भाचा आला होता, त्यानं तिकडेच उरकलं. मी त्याला फोन केला, पेनड्राइव्हबद्दल विचारलं. “बघतो,” म्हणाला. पुन्हा फोन उचलला नाही. तीन वर्षं मी ते पुस्तक टाइप केलं आणि माझ्या कॉम्प्युटरवर त्यातली एक ओळ नाही. त्यांनीच सगळ्या काढायला लावल्या होत्या.

तारखेला मी गेलो. भाऊ खिडकीजवळच्या बाकावर बसले होते. मला बघून हसले आणि मान हलवली, मी त्यांच्याच बाजूनं आल्यासारखी. साहेबांनी विचारलं, यात परवानगी लिहिलंय का? मी म्हणालो, “न्हाई साहेब, हक लिहिलंय.” आणि अख्खा कागद उर्दूत वाचला, मग मराठीत. साहेबांनी उरलेली दोन वाचनं काढून माझ्याशी ताडून बघितली. निकाल होईपर्यंत माळावर कुणी दगड रोवायचा नाही, असं लिहून दिलं. निकाल अजून व्हायचा आहे. गाळा मात्र माझा गेला, हल्ली मी बसस्टँडच्या मागे बसतो.

त्या दिवशी बाहेर पायऱ्यांवर आलो तेव्हा खंडूबा खुशीत होता. इकडेतिकडे बघत म्हणाला, “बाई काहून आली न्हाई? तिला सांगाया पायजे.”

त्याला कुणी सांगितलंच नव्हतं. माळावर कोण जाणार? मी सांगितलं.

तो तिथेच खाली बसला. मग विचारलं, “तिच्यामागं कोन हाय?”

“पुण्याचा भाचा आहे एक.”

“त्यानं सुतक धरलं असंल का?”

“काय माहीत, आबा.”

“त्याचा काय भरवसा,” खंडूबा म्हणाला. “आमी धरतो.”

त्यानं डोक्याचा फेटा सोडला, वहाणा पायरीवर काढल्या आणि अंगणातल्या नळाखाली कपड्यांनिशी जाऊन उभा राहिला.