तबकडीच्या शेवटचं नाव

गांधीबागेच्या बाजारात तापलेल्या लाखेचा वास आला की बाबांची ती लाखेची, ग्रामोफोनची तबकडी आठवते. आत्या तरुणपणीच गेली. तिचा आवाज तेवढा त्या तबकडीत उरला होता. गाणं संपलं की ती स्वतःचं नाव सांगायची. एका कंपनीनं निवडक जुनी गाणी एका मोठ्या रेकॉर्डवर आणायचं ठरवलं, म्हणून बाबांनी ती तबकडी त्यांना दिली. गाणं उतरवून घेतल्यावर ती तिकडेच फुटली.

नवी रेकॉर्ड आम्ही सीताबर्डीच्या दुकानात ऐकली. आत्याचं गाणं संपलं आणि लगेच पुढचं सुरू झालं.

"नाव काहून कापलं गा?" बाबांनी दुकानदाराला विचारलं.

"सगळ्यायचंच कापलं, काका. जागा पुरत नव्हती."

गाणं तरी वाचलं, असं मला तेव्हा वाटलं. मी वेष्टनावर छापलेलं नाव दाखवलं.

"वाचता येते मले," बाबा म्हणाले. "तिच्या तोंडून आयकाचं होतं."