तीन सीटांचा पहारा

मला भीती वाटायला कारण लागत नाही. दूधवाला उशिरा आला तरी मी दारात जाऊन उभी राहते. आणि भ्याले की मला राग येतो, म्हणून घरातले सगळे मला तापट समजतात. मी तापट नाही, घाबरट आहे, पण हे इतक्या वर्षांत कुणाला पटवता आलेलं नाही.

आमचे हे नेमके उलटे. फौजेतून सुभेदार होऊन घरी आले, आता कुंडलला ऊस बघतात, पण डोक्यातली पलटण काही सुटलेली नाही. लग्नाला जायचं असलं तरी आदल्या दिवशी कोण कुठं बसणार, पिशव्या कुणाकडं, पाण्याची बाटली कुणाकडं, सगळं ठरलेलं. एकदा प्लॅन झाला की त्यात खोट काढणारा तो शत्रू. तो शत्रू बहुतेक वेळा मीच असते.

सासूबाईंना सातारा दाखवायचा बेत त्यांचाच. सासूबाईंना मी आत्या म्हणते. आत्यांनी उभ्या जन्मात सातारा पाहिला तो दवाखान्याच्या खिडकीतून, मामंजींच्या आजारपणात. "राजधानीच्या गावाला जाऊन नुसता औषधाचा वास घिऊन आले बाई," असं त्या स्वतःच म्हणायच्या. मग गेल्या दिवाळीच्या सुट्टीत कुणीतरी ह्यांना सांगितलं, की साताऱ्यात आता गाव दाखवायची बस निघालीय. एकदाच तिकीट काढायचं, मनगटाला कागदी पट्टी बांधून घ्यायची, आणि दिवसभर वाटेल तिथं उतरायचं, वाटेल तिथं चढायचं. गाड्या एकामागून एक गोल फिरत राहतात. गुडघे दुखणाऱ्या माणसाला ह्यापेक्षा चांगलं काय, म्हणून आम्ही तिघं निघालो.

माझी भीती घरापासूनच सुरू झाली होती, कारण आत्यांना साखरेचा आजार. गोळी घेतली की वेळेत पोटात अन्न जावं लागतं. गेल्या श्रावणात एका उपासाच्या दिवशी त्यांनी गोळी घेतली, खाल्लं काहीच नाही, आणि गोठ्यात पडल्या. पलूसच्या डॉक्टरांनी मला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "वहिनी, साखर वाढली तर आपल्याला वेळ मिळतो. उतरली तर मिळत नाही." तेव्हापासून माझ्या पिशवीत ग्लुकोजचा पुडा कायम असतो. त्या दिवशीही होता. वाटेत उंब्रजला आम्ही नाष्ट्याला थांबलो, तिथं आत्यांनी गोळी घेतली आणि पोह्यांचे दोन घास खाऊन बशी सरकवली. हॉटेलचं त्यांना जात नाही. "साताऱ्यात गेल्या गेल्या भाकरी खाऊ की," म्हणाल्या. डबा माझ्या पिशवीत होता, त्यामुळं मीही फार ताणलं नाही.

साताऱ्यात पोचलो तोवर ती बस आलीच, आणि निम्मी रिकामी होती. तरी ह्यांनी धावत जाऊन खिडकीतून टॉवेल आत टाकला. ज्यांचा जन्म विट्याच्या नाहीतर इस्लामपूरच्या एसटीत जागा धरण्यात गेला, त्यांना रिकामी गाडी दिसतच नाही. दाराजवळचं तीन जणांचं बाकडं आम्हाला मिळालं. खिडकीशी आत्या, मग टॉवेल, मग मी. हे स्वतः उभे राहून गाडीचा नंबर पाठ करत होते.

अजिंक्यताऱ्याच्या पायथ्याशी गाडी थांबली. शिट्टी अडकवलेली एक गाईडबाई होती, ती म्हणाली, "इथं उतरा, निवांत बघा, आणि मागून येईल त्या गाडीत बसा." शहरातली मंडळी पटापट उतरली. पुढची, खिडकीची, पंख्याखालची जागा सोडून खुशाल चालू लागली. ह्यांचा जीव तुटला.

"असली जागा सोडून कोन उतरतंय व्हय? मागच्या गाडीत उभं ऱ्हावं लागलं म्हंजी?"

आणि प्लॅन तयार झाला. आत्यांना चढ चढवणार नव्हताच. तेव्हा त्यांनी गाडीतच बसायचं. गाडी गावातनं, माहुलीच्या संगमावरनं फिरून पुन्हा इथंच येणार. तोवर आम्ही दोघं वर जाऊन यायचं आणि आपल्याच गाडीत, आपल्याच जागेवर बसायचं.

"आये, तिनी जागा सोडायच्या न्हाईत. कुनी आलं तर सांग, मानसं हायती म्हनून. मी येईस्तवर हलायचं न्हाई."

"न्हाई हलत," आत्या म्हणाल्या, आणि पायाशी ठेवलेली आपली कापडी पिशवी त्यांनी माझ्या जागेवर ठेवली.

"आवं, त्यांना एकटं कसं सोडायचं?" मी विचारलं.

"एकटं कुठं? गाडीभर मानसं हायती की."

आमच्याकडच्या कुणालाही हे शहाणपणाचंच वाटलं असतं, हे मला आजही कबूल आहे. म्हातारं माणूस जागेवर बसवायचं आणि बाकीच्यांनी चहाला उतरायचं, ही आमची रीत आहे. गाडी निघाली. आत्यांनी खिडकीतून हात केला. चढावर थोडं अंतर गेलो आणि माझ्या खांद्याला पिशवीचा पट्टा काचला. म्हणून ती दुसऱ्या खांद्यावर घ्यायला गेले, तर आतला डबा वाजला.

डबा माझ्याकडं होता. भाकरी, ग्लुकोज, पाणी, सगळं माझ्याकडं. आणि पोटात गोळी घेऊन आत्या गाडीत.

मी तिथंच मागं फिरले. हे म्हणत होते, "आगं, तासाभरात येतीया गाडी," पण मी ऐकायच्या पलीकडं गेले होते. खाली रस्त्यावर येऊन उभी राहिले. ऑक्टोबरचं ऊन मी म्हणत होतं. आत्यांकडं मोबाईल नाही. दिला होता, पण त्याला हात लावायला त्या भ्यायच्या, म्हणून तो घरी देव्हाऱ्याशेजारी असतो.

पहिली गाडी आली. रंग तोच, चित्रं तीच. मी धावले. हे लांबूनच म्हणाले, "ही आपली न्हवं, नंबर येगळा हाय." मी तरी आत डोकावले, प्रत्येक सीट बघितली. त्या गाडीला आमच्या गाडीचं काही माहीत नव्हतं. ड्रायव्हर म्हणाला, "पुढं गेली असंल, येईल फिरून." ती गाडी निघून गेली. मग बराच वेळ काहीच आलं नाही. हे घड्याळ बघत नव्हते, आणि त्याचीच मला जास्त भीती वाटली. घड्याळ न बघणारे हे मी कधी पाहिलेले नव्हते.

"खाल्लं असंल का त्यांनी काय?" मी विचारलं.

"पैसं हायती तिच्याकडं."

"जागा सोडून उतरतील व्हय त्या?"

हे रस्त्याच्या वळणाकडं बघायला लागले.

दुसरी गाडी आली ती खच्चून भरलेली. माणसं उभी होती, आणि त्यांच्यात आमची गाईडबाई. मला हायसं वाटलं ते क्षणभरच. तिनं सांगितलं, गाडी माहुलीला बंद पडली, म्हणून सगळ्यांना ह्या गाडीत आणलं. मी माणसं हातानं बाजूला करत शेवटपर्यंत गेले. आत्या नव्हत्या.

"आणि आमची म्हातारी?" मी ओरडलेच.

"त्या आजी? त्या उतरेचनात हो. म्हणाल्या, माझा मुलगा येतोय. मला वाटलं, फोन केलाय तुम्ही, तिथंच येताय." तिचा चेहरा पडला. "ड्रायव्हर पार्ट आणायला गेलेत. मी चहावाल्याला सांगून आलेय लक्ष ठेवायला."

मी त्या बाईला नाही नाही ते बोलले. तिचा काय दोष, पण भीतीला कुणीतरी समोर लागतं. ह्यांनी तोवर रिक्षा थांबवली होती.

माहुलीपर्यंतचा रस्ता मला आठवत नाही. आठवतात ते फक्त ह्यांचे हात. तेच सुटे पैसे पुन्हा पुन्हा मोजणारे. ह्या माणसाला मी बर्फातल्या पोस्टिंगच्या गोष्टी हसत सांगताना ऐकलंय. मला वाटायचं, घरातली भीती मी एकटीनं सांभाळते. त्या रिक्षात कळलं, तसं काही नव्हतं. मला त्यांना धीर द्यायला हवा होता, पण मी पिशवीतला ग्लुकोजचा पुडाच चाचपत राहिले. संगम जवळ आला, घाटावरची देवळं दिसायला लागली आणि नको ते विचार मनात आले. उठून नदीकडं गेल्या असतील तर? भोवळ येऊन पायऱ्यांवर पडल्या असतील तर?

गाडी रस्त्याच्या कडेला वडाखाली उभी होती. दार उघडं. खिडकीच्या काचेआड पांढरा पदर दिसला, ताठ, न हलणारा. हे माझ्या आधी आत शिरले.

आत्या बसल्या होत्या. सोडून गेलो तशाच, खिडकीशी. शेजारी टॉवेल, त्याच्यापुढं पिशवी. चोळी घामानं भिजलेली, तोंड राखेसारखं झालेलं, आणि दोन्ही हात असे थरथरत होते की बांगड्या वाजत होत्या. चहावाला दारात येऊन सांगत होता, की दोनदा चहा आणला, पण आजींनी घेतला नाही.

"आये!" म्हणत हे टॉवेलवरच बसले आणि त्यांनी आईला धरलं.

आत्यांनी त्यांच्याकडं बघितलं. साखर इतकी उतरली होती, की ओळखीचा एक कणही त्या नजरेत नव्हता. मग सगळं बळ एकवटून त्यांनी ह्यांना ढकललं.

"उठा वो पावणं. हितं जागा धरल्याली हाय. माजा ल्योक गड बघाय गेलाय."

हे उठले. दुसरं काय करणार? आपल्याच जागेवरून उठून बाकड्यासमोर उभे राहिले. मी ग्लुकोजचा पुडा दातानं फाडला, बाटलीत ओतला, हलवला आणि आत्यांच्या तोंडाशी धरला. त्यांनी तोंड मिटून घेतलं. मी विनवलं, ओरडले, रडले. मलाही त्या ओळखत नव्हत्या.

"न्हाई. त्यो आल्याबिगर न्हाई." जीभ जड झाली होती, शब्द तुटत होते. "त्यो उपाशी हाय. मी उठले तर जागा जाईल."

डॉक्टरांचं वाक्य माझ्या कानात घणासारखं बसत होतं. आत्यांची मान एका बाजूला कलायला लागली होती. मी ह्यांच्याकडं बघितलं. काहीतरी करा, एवढंच माझ्या मनात होतं.

हे आत्यांसमोर मांडी घालून खाली, गाडीच्या फरशीवर बसले. आवाज अगदी हळू केला.

"मावशी, तुमच्या ल्योकानंच धाडलंय मला. खाली आलाय त्यो, येतोय. त्यानं सांगितलंय, आईला पानी पाजा. तुमी पिऊन घ्या. तवर जागा मी धरतो."

आत्यांनी त्यांना वरपासून खालपर्यंत निरखलं.

"सोडचाल?"

"न्हाई सोडत."

"कुनी आलं तर?"

"सांगतो, मानसं हायती म्हनून."

ह्यांनी एक हात टॉवेलवर ठेवला, एक पिशवीवर. ते बघून आत्यांनी तोंड उघडलं. अर्धं पाणी पदरावर सांडलं, अर्धं आत गेलं. मी बाटली धरून राहिले, थांबून थांबून पाजत राहिले, आणि मनात गावातल्या यच्चयावत देवांना नवस बोलत राहिले. हे तसेच खाली बसून होते. मान वर करून आईकडं बघत, दोन्ही हात दोन जागांवर.

हळूहळू बांगड्या वाजायच्या थांबल्या. आत्यांनी कपाळावरचा घाम पुसला, बाहेर वडाकडं बघितलं, मग माझ्याकडं, मग खाली ह्यांच्याकडं.

"कवा आलास रं?" त्या म्हणाल्या. "आनि खाली का बसलायस? जागा धरलीया की तुला."

"आत्ताच आलो, आये," हे म्हणाले. पण दोन्ही हात तिथून काढायचं त्यांना सुचत नव्हतं.