केसरीनाथ जॉबर आणि अमेरिकेतला संप

त्र्याहत्तर साली मी भिवंडीच्या पोस्टात रेडिओच्या परवान्याच्या खिडकीवर बसत होतो. तेव्हा घरात रेडिओ ठेवायचा म्हणजे सरकारी परवाना लागायचा. लोक यायचे, पुस्तकावर शिक्का मारून घ्यायचे आणि गुपचूप जायचे. केसरीनाथ जॉबर मात्र गुपचूप जाणाऱ्यांतले नव्हते.

"सायेब!" ते खिडकीतून ओरडले. मनीऑर्डरची अख्खी रांग मागे वळली. "अमेरिकंत संप चाललाय, तुमाला ठाव हाय का?"

"नाही बुवा. कुणाचा?"

"तेच तर विचाराला आलोय!"

मला वाटलं, माणूस चिडलाय. तो चिडलेला नव्हता. तो तसाच बोलायचा. कोन गावचे केसरीनाथ वीस वर्षं भिवंडीत हमीदसेठच्या कापडाच्या कारखान्यात जॉबर होते, म्हणजे लूम बिघडला की तो दुरुस्त करणारा माणूस. चोवीस लूमच्या खडखडाटात वीस वर्षं बोलून त्यांचा आवाज एकाच पट्टीत अडकला होता. घरी जेवताना त्यांनी "मीठ दे" म्हटलं, की तीन घरं पलीकडची बाई मीठ घेऊन यायची. बायकोशी गुपित बोलायचं असेल तर ते तिला शेताच्या बांधावर घेऊन जात. दुसऱ्या दिवशी ते गुपित शेजारच्या शेतवाल्यालाही ठाऊक असे.

त्यांच्या रेडिओची हकिकत अशी. बायकोचा, म्हणजे ठमाबाईचा भाऊ दामू बोटीवर खलाशी होता. त्यानं कुठल्याशा बंदरातून बहिणीसाठी पत्र्याच्या ट्रंकेएवढा जुना रेडिओ आणला. ठमाबाईला मराठी गाणी ऐकायची होती. पण रेडिओ जवळचं एकही स्टेशन घेईना. केसरीनाथनी लूमचे पाने काढले, रेडिओ उघडला, आत काय काय आवळलं आणि बंद केला. त्यानंतर काटा एका जागी जो रुतला तो रुतलाच. दामूनं कान लावून सांगितलं, "हे अमेरिकेच्या फौजेचं स्टेशन. बोटीवर आम्ही हेच लावायचो." एवढं सांगून तो पुन्हा बोटीवर गेला.

संध्याकाळी त्या रेडिओतून नुसतं शूं शूं यायचं. सकाळी मात्र उजाडायच्या सुमारास आवाज अगदी स्वच्छ. केसरीनाथनी छपरापासून परसातल्या ताडापर्यंत तांब्याची तार ओढली होती. तिच्यावर ठमाबाईनं एकदा ओलं लुगडं वाळत घातलं आणि आवाज आणखी चांगला झाला. तेव्हापासून ते लुगडं रोज पहाटे भिजवून तारेवर टाकायचा हुकूम निघाला.

"आवं, पण ते सुकाला हवं ना!" ठमाबाई म्हणाली.

"आदी अमेरिका, मग लुगडं!" केसरीनाथ म्हणाले. ताडावरचे पक्षी उडाले.

त्या रेडिओत एक माणूस भराभर इंग्रजी बोलायचा आणि मागे हजारो माणसांचा गलका चाललेला असायचा. केसरीनाथना इंग्रजी येत होतं ते कारखान्यातलं. शिफ्ट, ड्युटी, मोटर, फोरमन. त्यामुळे त्या माणसाच्या तोंडचा एक शब्द त्यांना ताबडतोब कळला. स्ट्राइक! एकदा नाही, सारखा. स्ट्राइक वन. मग स्ट्राइक टू. मधूनच कुणीतरी दरडावून "बोल!" म्हणायचा. पुन्हा "बोल!" मग स्ट्राइक थ्री, आउट! आणि लोकांचा हा एवढा गलका.

क्रिकेट म्हणजे रस्ता अडवणाऱ्या पोरांचा चाळा, एवढंच केसरीनाथना माहीत. ते हुतुतूवाले. त्यांनी सरळ हिशेब लावला. अमेरिकेत मोठा संप चाललाय. कामगाराला "बोल, बोल" करून विचारतात. तिसरा संप केला की त्याला आउट करतात, म्हणजे कामावरून काढतात. आणि हे सगळं रोज सकाळी रेडिओवर जाहीर करतात.

मी तेव्हा शिक्का मारला आणि म्हटलं, "चौकशी करतो." केली मात्र नाही. तिथंच माझी चूक झाली.

कारण हमीदसेठच्या कारखान्यात त्याच दिवसांत खिडक्यांवरून भांडण पेटलं होतं. वारा आत आला की धागे सुकतात आणि तुटतात, म्हणून सेठनं सगळ्या खिडक्या खिळे ठोकून बंद केल्या होत्या. आत माणसं उकडून निघत होती. कोन गावचाच नवशा हा कामगारांचा पुढारी. खिडक्या उघडा म्हणून त्यानं उन्हाळ्यात दोनदा अर्धा अर्धा दिवस लूम बंद पाडले होते. आता तिसऱ्या संपाची तारीख ठरत होती, आणि नेमकी त्याच आठवड्यात केसरीनाथनी अमेरिकेची बातमी कारखान्यात सांगितली. त्यांनी ती एकट्या फोरमनच्या कानात सांगितली होती. चोवीस लूम चालू असूनही ती सगळ्यांना ऐकू गेली.

हमीदसेठ खूश झाले. त्यांनी दारावर पाटी लावून खडूनं लिहिलं, "तीसरी स्ट्राइक, आउट."

"ये मेरा नहीं, अमरीका का कानून है," ते म्हणाले. "हमारे जॉबर ने अपने कान से सुना है."

नवशा दुसऱ्या दिवशी पहाटेच केसरीनाथच्या घरी जाऊन बसला. लुगड्याखाली बसून त्यानं दोन तास रेडिओ ऐकला आणि कारखान्यात येऊन म्हणाला, "सेठ, आउट बोलल्यावर हजारो माणसं टाळ्या वाजवतात. ती कामगाराच्या बाजूची माणसं हायेत. तो मोर्चा हाय!"

"मोर्चा नहीं, खुशी है! आदमी निकाला, इसलिए ताली!"

"संपाला पाठिंबा म्हणून टाळी!"

चार दिवस हाच वाद चालला. लूमपेक्षा भांडणाचा आवाज मोठा झाला. शेवटी दोघांनाही पटेल असा, इंग्रजी जाणणारा तिऱ्हाईत माणूस शोधायचं ठरलं. केसरीनाथ म्हणाले, "पोस्टातले वाल्मीकसायेब. ते चौकशी करतायत."

अशा रीतीनं एका गुरुवारी सकाळी सहा वाजता मी हमीदसेठच्या कारखान्यात खुर्चीवर बसलो होतो. आदल्या संध्याकाळी सेठच्या टेम्पोतून रेडिओ आला होता. त्याच्यासोबत ठमाबाई आली होती, कारण लुगडं तिचं होतं आणि ती ते परक्या हाती द्यायला तयार नव्हती. तार कौलातून काढून बाहेरच्या पाण्याच्या टाकीला बांधली होती. तिच्यावर लुगडं टपटप गळत होतं.

"मशीन बंद करो," सेठ म्हणाले.

चोवीस लूम एकदम थांबले. इतकी शांतता झाली की दोन कामगारांना गरगरलं आणि ते भिंतीला धरून खाली बसले. बाकीचे सवयीनं एकमेकांच्या कानाशी ओरडून विचारत होते, "काय झालं? काय झालं?"

रेडिओ सुरू झाला. मॅट्रिकला मला इंग्रजीत बासष्ट मार्क होते, पण पहिली दहा मिनिटं त्या माणसाचं एक अक्षर मला कळलं नाही. पन्नास माणसं माझ्या तोंडाकडे पाहत होती. मी नुसती मान हलवत होतो. मी मान हलवली की नवशा सेठकडे बघायचा आणि सेठ नवशाकडे. मग "पिच" हा शब्द आला, "होम रन" हा शब्द आला आणि हायस्कूलच्या इंग्रजी पुस्तकातला एक धडा मला आठवला.

"हा खेळ आहे," मी म्हटलं.

"संपाचा खेळ?" केसरीनाथनी विचारलं.

"नाही हो. चेंडूफळीसारखा खेळ. बेसबॉल म्हणतात. फळीवाल्यानं चेंडू हुकवला की स्ट्राइक. तीनदा हुकवला की तो बाद."

"आन बोल?"

"बोल नाही, बॉल. टाकणाऱ्यानं वेडावाकडा टाकला तर."

केसरीनाथचा चेहरा पडला. इतका मोठा माणूस इतका बारीक झालेला मी पुन्हा कधी पाहिला नाही. ते खरोखरच हळू आवाजात म्हणाले, "म्हंजे कुणाची नोकरी गेली न्हाय?"

"कुणाचीच नाही."

"बरं झालं," ते म्हणाले. "मना रोज वाईट वाटायचं. नाष्टा जायचा न्हाय."

कुणी हसलं नाही. नवशानं जमिनीकडे पाहिलं. सेठनी दारावरच्या पाटीकडे पाहिलं. आता लूम सुरू झाले असते, मी उठून घरी गेलो असतो आणि गोष्ट संपली असती. पण सेठ खुर्ची पुढे ओढत म्हणाले, "अच्छा, तो जीत कौन रहा है?"

"बरोबरी आहे. तीन-तीन," मी म्हटलं. "एका बाजूचं नाव वाघ. दुसऱ्या बाजूचं नाव मोजे."

"मोजे? पायातले?"

"हो. तांबडे मोजे."

"मोजा भी कोई टीम होती है!" सेठ म्हणाले. "हम शेर के साथ."

"शेर नाही, वाघ," मी म्हटलं.

"चलेगा."

नवशा लगेच उभा राहिला. "मोजे म्हंजे कापड. आपण कापडवाले. मोजे आपले!" सगळा कारखाना मोज्यांच्या बाजूनं झाला. सेठच्या बाजूला एकटा मुनीम उरला, आणि तोसुद्धा हळूहळू सरकत दाराकडे गेला.

सात वाजले, आठ वाजले. मी कळेल तेवढं सांगत होतो, न कळेल ते मनानं सांगत होतो. केसरीनाथ माझ्या शेजारी उभं राहून माझं बोलणं मागच्यांना पोचवत होते. त्यांच्या आवाजामुळे शेजारच्या दोन कारखान्यांतलेही कामगार दारात येऊन उभे राहिले. आत श्वास घ्यायला जागा नव्हती. डाव बरोबरीत सुटत होते आणि नवे सुरू होत होते. आणि नेमका त्याच वेळी आवाज बुडायला लागला. शूं शूं.

"लुगडं!" केसरीनाथ गरजले.

ठमाबाई बाहेर धावली. लुगडं उन्हानं खडखडीत वाळलं होतं आणि टाकीत पाणी संपलं होतं. तिनं आत येऊन सांगितलं, "एकाच लुगड्यानं आता न्हाय भागायचं. ऊन चढलंय."

हमीदसेठ उठले. त्यांच्या डोळ्यांत वाघ होता. "ताका भिगाओ!"

"सेठ, नवा ताका?" मुनीम दारातून म्हणाला.

"भिगाओ बोला ना!"

कालच लूमवरून उतरलेला कापडाचा कोरा ताका विहिरीवर नेऊन भिजवला आणि सहा माणसांनी खांद्यावरून आणून तारेवर घातला. तार वाकून जमिनीला टेकली. आवाज आणखी गेला. दोन माणसं बांबूनं तार उचलून उभी राहिली तेव्हा थोडा आला. केसरीनाथ रेडिओला कान लावून म्हणाले, "तार कौलांतून वळून येते, म्हणून अडतोय. सरळ पायजे."

इकडे सेठचा सदरा अंगाला चिकटला होता. टोपी काढून ते वारा घेत होते. अडीच तास ते त्या हॉलमध्ये बसले होते. एवढा वेळ आत बसायची त्यांची ती पहिलीच खेप. "या अल्ला," ते म्हणाले, "यहां आदमी पकता है क्या? अरे, खिड़की खोलो यार!"

केसरीनाथनी खिशातून पकड काढली. वीस वर्षांत त्यांनी इतक्या झपाट्यानं कुठलं काम केलं नसेल. खिळा, खिळा, खिळा. खिडकी उघडली, तार सरळ आत आली, तिच्यामागून वाराही आला, आणि रेडिओतला माणूस एकदम इतक्या जोरात बोलला की मुनीम दचकला. केसरीनाथ तिथं थांबले नाहीत. सेठ पुढचा डाव ऐकण्यात गुंग होते, तेवढ्यात त्यांनी उरलेल्या नऊ खिडक्या उघडल्या.

नऊच्या सुमारास एका मोजेवाल्यानं चेंडू थेट मैदानाबाहेर मारला. लोकांचा गलका झाला. मी म्हटलं, "होम रन! मोजे जिंकले!" पन्नास कामगारांनी आपापल्या टोप्या हवेत उडवल्या. सेठ म्हणाले, "पंच बिका हुआ है," आणि उठून ऑफिसात गेले.

थोड्या वेळानं नवशा त्यांच्याकडे गेला. मीही सोबत होतो, मला पोस्टात उशीर झाल्याची चिठ्ठी हवी होती.

"सेठ," नवशा म्हणाला, "आज तीन तास लूम बंद होते. हा तिसरा स्ट्राइक धरायचा का?"

हमीदसेठनी बाहेर जाऊन दारावरची पाटी स्वतःच्या रुमालानं पुसली. खिडक्या त्यानंतर बंद झाल्या नाहीत. धागे तुटायचे तेवढेच तुटले. माझ्या चिठ्ठीत मुनीमानं "सरकारी कामासाठी थांबवले" असं लिहून दिलं.

केसरीनाथना मात्र आता खेळाचं वेड लागलं. भात कापून झाल्यावर त्यांनी कोनच्या रिकाम्या शेतात सामना लावला. लूममध्ये आडवा धागा नेणाऱ्या धोट्याला ठोसा मारणारी लाकडी दांडी असते, ती फळी. सुताच्या गुंडाळीचा चेंडू. चार कोपऱ्यांवर चार पोती. पंच केसरीनाथ, कारण त्यांचा आवाज कुणालाही नाकारता येत नसे. मला धडा आठवेल तसे नियम सांगायला बसवलं होतं.

नवशानं पहिलाच चेंडू लांब मारला. "होम रन!" केसरीनाथ ओरडले. नवशा धावत सुटला. पहिलं पोतं, दुसरं पोतं, बांध, पायवाट, आणि तो दिसेनासा झाला. पाव तासानं तो पाणी पिऊन, तोंड पुसत परत आला.

"कुठं गेलतास?" केसरीनाथनी विचारलं.

"घरी. तुम्हीच बोललात ना, होम रन?"

तो बाद की नाबाद, यावर अर्धा तास गेला. शेवटी ठमाबाई कंटाळून पुढे आली, पदर खोचला आणि दांडी हातात घेऊन म्हणाली, "टाका एक. मग मना भाकऱ्या करायच्यात." तिनं दांडी फिरवली. चेंडू उंच गेला, पण सुताचं टोक दांडीला अडकलं होतं. चेंडू हवेत उलगडत उलगडत निघाला, आकाशात पांढरी रेघ ओढत गेला आणि शेताच्या टोकाला नुसता धागा होऊन पडला. पकडायला काही उरलं नव्हतं.

"बाद का?" एकानं विचारलं.

सगळे माझ्याकडे वळले. मी म्हटलं, "पुस्तकात हे नव्हतं."

केसरीनाथनी डोकं खाजवलं. मग ते आपल्या नेहमीच्या आवाजात म्हणाले, "धागा तुटला न्हाय. नाबाद!"